निनादींचा तास : पेटी उघडण्याआधी थोडं वाचा

नमस्कार. या पेटीत कांस्याचा एक तास (टोले द्यायची थाळी), लाकडी टोला, बुडाला भोक असलेली तांब्याची वाटी, टिपऱ्यांची जोडी आणि साठ कवड्या आहेत. पट नाही, फासे नाहीत. म्हणून दुकानात बरेच जण विचारतात, "यात खेळायचं काय?" यात वेळ खेळायचा आहे.

निनादी कोण?

निनादी ही आम्ही कल्पनेनं रचलेली जमात. ती अशा खोल घळीत राहते, की तिथे ऊन जेमतेम घटकाभर उतरतं. सावलीवरून वेळ कळायची सोय नाही, म्हणून ही माणसं वेळ कानानं ओळखू लागली आणि पुढे आवाजानं बांधायला शिकली. तासावर टोला पडला की नाद विरेपर्यंत सगळं जग थबकतं, फक्त टोला देणारा हलू शकतो. पण तो वेळ उसना असतो आणि मौन पाळून फेडावा लागतो. उधारी थकवणाऱ्याला निनादी हाक मारत नाहीत, कारण हाक ऐकण्यापुरताही वेळ त्याच्याकडे उरलेला नसतो.

हे सुचलं ते आपल्याच बोलण्यातून. आपण वेळ विचारतो तेव्हा "किती वाजले?" म्हणतो. पाहणं घड्याळाचं, पण क्रियापद आवाजाचं! 'तास' म्हणजे साठ मिनिटं, आणि तास म्हणजे टोले द्यायची धातूची जाड थाळीही. पूर्वी पाण्यावर घटिकापात्र सोडत. बुडाच्या बारीक भोकातून पाणी चढून ते 24 मिनिटांत बुडालं की एक घटका भरली, आणि मग तासावर टोला पडायचा. अशा साठ घटकांचा एक दिवस, साठ पळांची एक घटका. म्हणून पेटीत कवड्याही साठ. मनगटावरच्या क्वार्ट्झ घड्याळातसुद्धा चिमट्याच्या आकाराचा इवलासा स्फटिक सेकंदाला 32,768 वेळा थरथरतो. हा आकडा पंधरा वेळा निम्मा केला की बरोबर एक उरतो, तोच आपला सेकंद. कंपनाशिवाय वेळ नेमका मोजणं माणसाला फारसं जमलेलं नाही, असं आम्हाला मनापासून वाटतं.

खेळायचं कसं?

तीन ते सहा जण गोल बसा. कवड्या मधोमध ठेवा, वाटी पाण्यावर सोडा. ज्याची पाळी तो तासावर एकच टोला देतो आणि नाद ऐकू येतोय तोवर एका हातानं, एकेक करून कवड्या उचलतो. त्याच्या उजवीकडचा डोळे मिटून ऐकत बसतो. नाद विरला की त्यानं हात वर करायचा. त्याचा कान हाच निवाडा. मोबाईलवर सेकंद लावू नका, ही आमची कळकळीची विनंती आहे.

आता उधारी. डावीकडचा टिपऱ्यांचे बारा ठोके देईल, तेवढा वेळ कवड्या उचलणाऱ्यानं पूर्ण गप्प राहायचं. हसला किंवा बोलला की त्या खेपेच्या कवड्या परत. ठोके बाराच, पण लय देणाऱ्याच्या मर्जीची, फक्त ती एकसारखी हवी. अल्लादिया खाँसाहेब जिथे शाहू महाराजांचे दरबारी गायक होते, त्या आमच्या कोल्हापूरला हे वेगळं सांगायला नको. एकतालाच्या त्याच बारा मात्रा द्रुत लयीत तीन-चार सेकंदांत सरतात आणि विलंबितात समेची, म्हणजे पहिल्या मात्रेची, वाट पाहताना मिनिटभर पुरतात. वाटी दहा पळांत, म्हणजे चार मिनिटांत बुडते. ती बुडाली की डाव संपला. कवड्या जास्त त्याची जीत, मात्र त्या क्षणी जो मौनात असेल त्याच्या निम्म्या कवड्या जातात.

पावसाळ्याचा नियम

हा नियम आमच्या उद्यमनगरातल्या शेडमध्ये जन्माला आला. संध्याकाळी मशिनं बंद झाली की आम्ही प्रत्येक तास दोरीला टांगून वाजवून बघतो. शांत वेळी नाद अर्धा मिनिट सहज टिकतो. जुलैत मात्र पत्र्यावर पाऊस कोसळत होता आणि कान लावूनही नाद दहा मोजेपर्यंतसुद्धा टिकेना. तास तोच, टोला तोच. आधी आम्ही ओतकामात खोट शोधत बसलो. मग लक्षात आलं, की घळीत पाऊस लागला की निनादींनाही वेळ कमीच मिळणार! तेव्हा पावसात खेळताना खिडक्या लावू नका. जेवढं ऐकू येईल तेवढाच वेळ.

जपणूक

तास कांस्याचा आहे, म्हणजे तांब्यात पाचवा हिस्सा किंवा थोडं जास्त कथील. त्या कथलामुळेच नाद लांबतो आणि त्यामुळेच धातू ठिसूळही होतो. फरशीवर पडला तर तडकेल. हातात धरून वाजवू नका, दोरीनंच धरा, तळवा लागला की नाद जागीच मरतो. वाटी चिंचेनं घासा, पण भोकात टाचणी घालू नका. भोक केसभर मोठं झालं तरी वाटी लवकर बुडते. पाण्याचे क्षार साठले तर रात्रभर लिंबाच्या पाण्यात ठेवा. कवड्या लहान बाळांच्या हाती लागू देऊ नका.

तास तडकलाच तर टाकू नका, मोडीतही घालू नका. दुकानात आणून द्या, त्याच धातूचा नवा ओतून देऊ. न्यायला याल तेव्हा दोन-तीन टोले देऊन स्वतः ऐका आणि नाद पसंत पडला तरच घेऊन जा.