सूप थिजतं ते चरबीमुळे नव्हे

निफाडचा पारा सहाच्या खाली उतरल्याची बातमी पेपरात आली, की नाशिककडच्या घरांत चिकन सूपचा विषय निघतोच. त्याबरोबर दोन समजही हमखास ऐकू येतात. एक, "गावठी कोंबडीची आळणी पाजा, हाडांचा सगळा कस उतरतो त्यात." आणि दुसरा, सकाळी उरलेल्या सूपचं पातेलं उघडल्यावर, "बापरे, केवढी ही चरबी! नुसतं थिजून गेलंय. टाकून दे." पहिल्या समजात थोडं तरी तथ्य आहे. दुसऱ्यात अजिबात नाही, आणि त्याच्यापायी कितीतरी घरांत सूपचा सगळ्यात चांगला भाग मोरीत जातो.

पातेल्यात नीट पाहा. वर पिवळसर, चमच्याने खरवडला की निघणारा पापुद्रा असतो, ती चरबी. तो बाजूला सारा. त्याखाली जे थरथरतं, पातेलं तिरकं केलं तरी ओघळत नाही, त्यात चरबी जवळपास नसतेच. ते बहुतेक सगळं पाणी आहे आणि त्या पाण्याला धरून ठेवणारं जिलेटिन नावाचं प्रथिन. शंभर ग्रॅम सूपमध्ये दोन-तीन ग्रॅम जिलेटिन असलं तरी थंडीत ते घट्ट बसतं. आपलं सूप थिजलं, याचा अर्थ ते जमलं.

हे जमवणं फारसं अवघड नाही. चिकनवाल्याकडून मान, पाठ, पंख आणि मिळाले तर साफ केलेले पंजे असे अर्धा किलो घ्यावेत. आपल्याकडे कोंबडी सोलूनच देतात, पण सूपसाठी थोडी कातडी मुद्दाम मागून घ्यावी. छातीचे मऊ तुकडे इथे कामाचे नाहीत. हे सगळं कुकरमध्ये घालून वर लिटरभर गार पाणी, चेचलेलं आलं-लसूण, उभा चिरलेला कांदा, चिमूटभर हळद, थोडे मिरे, कोथिंबिरीच्या काड्या आणि मीठ. आधी झाकण न लावता उकळी येऊ द्यायची. वर करडा फेस येतो, त्याला लोक घाण समजतात. ती मांसातली पाण्यात विरघळलेली प्रथिनं आहेत, उष्णतेने गोठून वर आलेली. झाऱ्याने काढली तर सूप नितळ होतं, राहिली तर अपाय काही नाही. मग झाकण लावून एक शिट्टी झाली की मंद आचेवर पंचवीस मिनिटं. गॅस बंद केल्यावर शिट्टी उचलून वाफ सोडायची नाही. दाबाखाली आतलं पाणी खूप तापलेलं असतं, पण खळखळत नसतं. वाफ एकदम सोडली की ते उसळून उकळतं, चरबी घुसळली जाऊन तिचे बारीक थेंब सूपभर पसरतात आणि सूप गढूळ होतं. कुकर आपोआप उतरला की गाळा, लिंबू पिळा, प्या.

त्या पंचवीस मिनिटांत आत जे घडतं, ते मला स्वयंपाकघरातल्या रसायनशास्त्रातलं सगळ्यात देखणं प्रकरण वाटतं.

कातडी, कुर्च्या, स्नायूंना हाडाशी बांधणारे कंडरे आणि खुद्द हाड, या सगळ्यांचा सांगाडा कोलॅजन नावाच्या प्रथिनाचा असतो. सस्तन प्राण्यांच्या शरीरातल्या एकूण प्रथिनांपैकी चौथा हिस्सा किंवा त्याहून जास्त हे एकटंच असतं. त्याचा रेणू तीन पेडांच्या वेणीसारखा असतो. प्रत्येक पेड म्हणजे सुमारे एक हजार अमिनो आम्लांची साखळी. एकेक पेड स्वतःभोवती डावीकडे पिळलेला, आणि तिन्ही मिळून उजवीकडे. म्हणूनच ओढ बसली तरी तो सहजी उकलत नाही. वेणीच्या मधोमध जागा इतकी अरुंद असते, की तिथे सगळ्यात लहान अमिनो आम्लच मावतं, ते म्हणजे ग्लायसीन. त्यामुळे साखळीत दर तिसऱ्या जागी ग्लायसीन यावंच लागतं. उरलेल्या दोन जागांवर प्रोलीन आणि हायड्रॉक्सिप्रोलीन यांची वर्दळ जास्त. ही दोन्ही ताठर असतात, साखळीला वाकू देत नाहीत, आणि त्यांचं प्रमाण जितकं जास्त तितकी वेणी उष्णतेला टिकाऊ. थंडगार समुद्रातल्या माशांच्या कोलॅजनमध्ये ती कमी असतात, म्हणून ते कोंबडीच्या कोलॅजनपेक्षा बऱ्याच कमी तापमानाला उकलतं.

ही वेणी उलगडून दाखवली ती मद्रास विद्यापीठात. १९५२ साली जे. डी. बर्नाल हे ब्रिटिश शास्त्रज्ञ तिथे आले असता बोलण्याच्या ओघात कोलॅजनची रचना अजून कोणाला नीट सुटलेली नाही असं म्हणाले. जी. एन. रामचंद्रन यांनी ते मनावर घेतलं. मद्रासमध्येच असलेल्या केंद्रीय चर्म संशोधन संस्थेतून कोलॅजन मिळालं. चामडं म्हणजे तरी दुसरं काय, कमावलेलं कोलॅजनच. क्ष-किरणांच्या आकृत्यांवरून रामचंद्रन आणि गोपीनाथ कार्था यांनी १९५४ मध्ये तीन साखळ्यांची रचना मांडली आणि १९५५ मध्ये ती सुधारून पिळाची केली. तपशिलात पुढे दुरुस्त्या झाल्या, पण तीन पेड आणि दर तिसरं ग्लायसीन हा गाभा कायम राहिला. शाळेच्या पुस्तकांत या कामाला एक परिच्छेदही मिळत नाही, याचं मला वाईट वाटतं.

आता ही वेणी तापवा. तिचे पेड एकमेकांना हायड्रोजन बंधांनी धरलेले असतात. मांसात ६०-६५ अंशांच्या आसपास हे बंध सुटू लागतात, वेणी विस्कटते आणि कोलॅजनचा तंतू आक्रसतो. कोंबडीच्या तंगडीचं मांस शिजताना हाडावरून वर सरकतं त्यात याचाही वाटा असतो. पण विस्कटलेले पेड लगेच पाण्यात उतरत नाहीत, कारण शेजारशेजारच्या वेण्या आडव्या सांध्यांनी पक्क्या जोडलेल्या असतात. लायसीन या अमिनो आम्लाच्या टोकांपासून तयार होणारे हे सांधे साध्या हायड्रोजन बंधांसारखे लेचेपेचे नसतात, ते खरे रासायनिक बंध असतात. वय वाढतं तसे ते आणखी पक्के आणि उष्णतेला दाद न देणारे होत जातात. ते किंवा साखळ्या स्वतःच तुटल्या, की सुटे झालेले पेड पाण्यात मिसळतात. त्यांनाच जिलेटिन म्हणायचं.

गावठी आणि बॉयलर यांतला फरक इथे आहे. बॉयलर कोंबडी पाच-सहा आठवड्यांतच दुकानात येते. तिचे सांधे कोवळे असतात, म्हणून पंचवीस मिनिटं पुरतात. अंगणात वर्षभर हिंडलेल्या गावठी कोंबडीला पाऊण तास, कधी तासही लागतो. गावठीत 'ताकद' जास्त असते म्हणून ती शिजायला वेळ घेते असं नाही, तिचं वय जास्त असतं म्हणून घेते. आणि बॉयलरला हार्मोनची इंजेक्शनं देऊन फुगवतात, ही गोष्ट आता तरी सोडून द्यावी. हजारो पक्ष्यांच्या शेडमध्ये एकेकाला धरून टोचत बसणं कोणत्याही पोल्ट्रीवाल्याला परवडणारं नाही. त्यांची वाढ होते ती अनेक पिढ्यांच्या निवडक पैदाशीने आणि मोजूनमापून दिलेल्या खाद्याने.

कुकरचं महत्त्वही त्या आडव्या सांध्यांमुळेच आहे. नाशिक समुद्रसपाटीपासून सुमारे सहाशे मीटर उंचीवर आहे, त्यामुळे इथे उघड्या पातेल्यात पाणी ९८ अंशांनाच उकळतं. कितीही मोठी आच केली तरी त्यापुढे पारा जात नाही. कुकरमध्ये तो १२० च्या आसपास पोहोचतो. तापमान दहा अंशांनी वाढलं की अशा अभिक्रिया ढोबळमानाने दुप्पट वेगाने होतात, म्हणजे कुकर चौपटीहून जास्त वेळ वाचवतो. पातेल्यात दोन तास लागणारं काम अर्ध्या तासात होतं ते असं. कुकरच्या पूर्वजाचा जन्मही हाडांसाठीच झाला: डेनी पापँ याने १६७९ मध्ये लंडनला दाखवलेलं वाफेचं भांडं कडक हाडं मऊ करून त्यांचा रस काढत असे.

सूप निवलं की सुटे झालेले पेड जागोजागी पुन्हा एकमेकांत गुंततात. सगळी वेणी परत जमत नाही, थोड्या थोड्या अंतरापुरतीच जमते. त्या गाठींचं जाळं भांडंभर पसरतं आणि पाणी त्यात अडकून बसतं. डिसेंबर-जानेवारीत इथे रात्री ओट्यावरसुद्धा सूप थिजतं, मे महिन्यात त्याला फ्रिज लागतो. गरम केलं की तीस-पस्तीस अंशांना ते परत पातळ होतं, म्हणजे आपल्या तोंडातही वितळतं. चायना ग्रास असं वितळत नाही. रॉबर्ट कॉख यांच्या प्रयोगशाळेत जंतू वाढवायला आधी जिलेटिनच वापरत. पण ३७ अंशांच्या उबेत ते वितळायचं, काही जंतू तर ते खाऊनच टाकायचे. १८८१ मध्ये फॅनी हेसे यांनी त्याऐवजी आगर, म्हणजे आपलं चायना ग्रास, सुचवलं. यातून घरच्यासाठी घ्यायचं ते असं: सूप जंतूंचंही आवडतं खाद्य आहे, म्हणून ते रात्रभर ओट्यावर ठेवू नये. फ्रिजमध्ये थिजलेलं सूप तिथेच परत पातळ झालं, तर जंतूंनी जिलेटिन तोडलंय असं समजून फेकून द्यावं.

आता हाडांच्या कसाबद्दल. हाडाला कडकपणा देणारं कॅल्शियम फॉस्फेट उकळत्या पाण्यात जवळपास विरघळत नाही. फ्रॅक्चर झालेल्याला पायाचं सूप पाजतात, ते जरूर पाजावं, पण कॅल्शियमसाठी नव्हे. पेठ-सुरगाण्याच्या शंभर ग्रॅम नागलीत, म्हणजे नाचणीत, साडेतीनशे मिलिग्रॅमच्या आसपास कॅल्शियम असतं. वाटीभर सूपमध्ये उतरणारं त्याच्या पासंगालाही पुरत नाही. आणि कोलॅजन खाल्लं की आपलं कोलॅजन वाढतं, या हल्लीच्या जाहिरातींच्या आड हायड्रॉक्सिप्रोलीन येतं. आपल्या जनुकांत त्याच्यासाठी सांकेतिक शब्दच नाही. पेशी आधी साधं प्रोलीन साखळीत गुंफतात आणि नंतर क जीवनसत्त्वाच्या मदतीने त्याच जागेवर त्याचं हायड्रॉक्सिप्रोलीन करतात. बाहेरून आलेलं तयार हायड्रॉक्सिप्रोलीन त्या गुंफणीत बसवण्याची सोयच नाही. जिलेटिनमध्ये ट्रिप्टोफॅन हे आवश्यक अमिनो आम्लही नसतं. पॅरिसमध्ये गरिबांना हाडांच्या जिलेटिनवर जगवता येईल का, याची वर्षानुवर्षं तपासणी करून माझांदी या फ्रेंच शास्त्रज्ञांच्या समितीने १८४१ मध्ये निकाल दिला, की नुसत्या जिलेटिनवर कुत्रीही जगत नाहीत. म्हणून सूपबरोबर भाकरी आणि तंगडीचं मांस हवंच.

मग सर्दीत सूप प्यायचं कशाला? १९७८ मध्ये अमेरिकेत पंधरा निरोगी माणसांच्या नाकातल्या शेंबडाचा वेग मोजला होता. गरम चिकन सूप प्यायल्यावर तो मिनिटाला ६.९ मिलिमीटरवरून ९.२ वर गेला, साध्या गरम पाण्यानेही वाढला, थंड पाण्याने मात्र कमी झाला. २००० साली नेब्रास्का विद्यापीठातल्या स्टीफन रेनार्ड यांनी सूपमुळे काही पांढऱ्या पेशींची हालचाल मंदावते असं दाखवलं, पण ते प्रयोगशाळेतल्या पेशींवर, माणसांवर नव्हे. सर्दी बरी होते असं यातलं काहीच सांगत नाही, नाक मोकळं व्हायला मदत होते एवढं सांगतं. आणि १९७८ च्या त्या प्रयोगात हा परिणाम अर्ध्या तासात ओसरला होता. तेव्हा आजारी माणसाला एकदम मोठा वाडगा भरून देण्यापेक्षा दिवसातून तीन-चारदा थोडं थोडं, दर वेळी चांगलं उकळून, वाफाळतं द्यावं.