नाव वाचायचं राहून गेलेली बाई

इंदुरात रामबागेतल्या आत्याकडे मालिका संपली तरी लगेच कुणी उठायचं नाही. नावं वाचायची असायची. रोमन अक्षरं भराभर वर सरकत आणि त्यात एखादं ‘कर’ लागलेलं आडनाव दिसलं की आत्या बोट दाखवायची, “बघ, आपली आहे.” अभिनेत्री उत्तरा बावकर हे नाव मला असं कळलं. शेजारचे जोशी-दुबे सगळेच ‘बाओकर’ वाचायचे. आत्या निवडायला घेतलेली मेथी बाजूला ठेवून दुरुस्त करायची, “बावकर. बावकर म्हणा.”

एवढी हौस का, ते आज सांगावं लागतं. १५ ऑगस्ट १९८२ पासून दूरदर्शनचा दिल्लीहून होणारा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला आणि इंदुरात गच्चीवरच्या अँटेनाला पुढे तेच लागायचं. मुंबई केंद्र १९७२ मध्येच सुरू झालं होतं, पण ते माळव्यात कुठून दिसणार? होळकरांच्या काळापासून इथे रुजलेल्या मराठी घरांना टीव्हीवर मराठी म्हणजे रविवारी दुपारचा प्रादेशिक चित्रपट. त्यातही बंगाली, मल्याळम, असमिया असे सगळे रांगेत. आपली पाळी येईपर्यंत महिने जायचे. म्हणून मराठी नटनट्या आम्हाला भेटल्या त्या हिंदी बोलतच.

बावकर तर कामानेही हिंदीच्याच. राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून त्या १९६८ मध्ये बाहेर पडल्या. तेव्हा तिथे संचालक इब्राहिम अल्काझींचा दरारा होता. पुढे विद्यालयाच्या रंगमंडळात ‘उमराव जान’मधली उमराव, ‘ऑथेल्लो’तली डेस्डिमोना, ‘मेना गुर्जरी’तली मेना आणि कर्नाडांच्या ‘तुघलक’मधली आई, अशा एकमेकींशी काही नातं नसलेल्या भूमिका त्यांनी केल्या. जयवंत दळवींचं ‘संध्याछाया’ त्यांनी १९७८ मध्ये हिंदीत दिग्दर्शित केलं. १९८४ मध्ये अभिनयासाठी संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. आम्हाला यातलं काहीच ठाऊक नव्हतं. मराठी व्यावसायिक रंगभूमीवर त्यांची कारकीर्द घडली नाही, त्यामुळे पुण्या-मुंबईहून इंदूरला येणाऱ्या नाटकांच्या जाहिरातींतही त्यांचं नाव कधी आलं नाही.

त्याच वर्षी, ७ जुलै १९८४ ला ‘हमलोग’ ही मालिका सुरू झाली आणि दीडशेहून जास्त भाग चालली. पाठोपाठ प्रायोजित मालिकांचं पीक आलं. सिनेमातले मोठे तारे छोट्या पडद्याकडे फिरकत नव्हते. मग माणसं आणायची कुठून? नाट्य विद्यालयातून, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून, हौशी रंगमंचावरून. पण बावकरांची तेव्हा चाळिशी आली होती. रंगमंचावर उमराव झालेल्या बाईला टीव्हीकडे द्यायला होती ती फक्त आई.

गोविंद निहलानींची ‘तमस’ जानेवारी १९८८ मध्ये लागली, तिच्यात त्या होत्या. रंगमंडळातल्याच सुरेखा सीकरी यांना ‘तमस’साठी सहाय्यक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि पुढच्याच वर्षी तोच पुरस्कार बावकरांना मृणाल सेन यांच्या ‘एक दिन अचानक’साठी. घर कोलकात्यातल्या प्राध्यापकाचं, भाषा हिंदी. पावसात बाहेर पडून परत न येणारा नवरा श्रीराम लागू आणि मागे राहिलेली बायको उत्तरा बावकर. बंगाली घराचे आईबाप दोघेही मराठी! आत्याला हे कळलं असतं तर तिने गल्लीभर सांगितलं असतं.

दैनंदिन मालिका आल्या तसे चरित्र अभिनेत्रीच्या कामाचे दिवस वाढले आणि कामातला ऐवज घटला, असं माझं मत आहे. तेरा भागांच्या मालिकेत आईला निदान एक प्रसंग स्वतःचा मिळायचा. रोजच्या मालिकेत ती सोफ्यामागे उभी राहून दुसऱ्यांची भांडणं ऐकते. २००३ मध्ये ‘जस्सी जैसी कोई नहीं’ सुरू झाली, तिच्यात बावकर जस्सीच्या पंजाबी घरातली आजी होत्या. तो पंजाबी हेल इतका सहज होता की आडनाव वाचलं नाही तर शंकाही येऊ नये. आणि तोवर आडनाव वाचायची सोयच राहिली नव्हती. शेवटची नावं जाहिरातींच्या घाईत दिसेनाशी झाली होती.

मराठीत त्या उशिरा दिसल्या, तेही सिनेमात. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांच्या ‘दोघी’त (१९९५) त्या दोन बहिणींची आई आहेत. आत्याने तो बऱ्याच वर्षांनी केबलवर पाहिला. गावाकडची भाषा, डोक्यावर पदर. थोडा वेळ गप्प बसून म्हणाली, “अगोबाई, हिला मराठी येतं की!” इतकी वर्षं ‘आपली आहे’ म्हणून बोट दाखवणारी तीच.

एप्रिल २०२३ मध्ये पुण्यात त्या गेल्या, वय ७९. मी इंदूरला आतेबहिणीला फोन केला. उत्तरा बावकर गेल्या म्हटलं तर ती “कोण?” म्हणाली. जस्सीची आजी म्हटल्यावर लगेच, “अरे, ती? ती तर पंजाबी होती ना?”