सहकारी संस्थेच्या मतदार यादीत नाव नाही? हरकत कधी, कुठे आणि कोणत्या कागदांवर घ्यायची

विकास सोसायटी, पतसंस्था, दूध संघ किंवा साखर कारखान्याची निवडणूक लागली की पॅनेल कुणाचं याची चर्चा पारावर सुरू होते. प्रारूप म्हणजे कच्ची मतदार यादी मात्र दोन्ही गटांचे मोजकेच कार्यकर्ते उघडून बघतात. बाकीच्यांना आपलं नाव गळाल्याचं मतदानाच्या दिवशी कळतं आणि तेव्हा फार काही हातात उरलेलं नसतं.

महाराष्ट्रात या निवडणुका राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरणाच्या देखरेखीखाली, 2014 च्या निवडणूक नियमांनुसार होतात. प्राधिकरण एक अर्हता दिनांक ठरवून देतं. त्या तारखेला संस्थेच्या सभासद नोंदवहीत जे पात्र आहेत, त्यांची यादी संस्था तयार करून देते. पुढे ती प्रारूप यादी म्हणून प्रसिद्ध होते. साखर कारखाना असेल तर हे काम प्रादेशिक सहसंचालक (साखर) यांच्या कार्यालयातून चालतं, इतर बहुतेक संस्थांसाठी उपनिबंधक किंवा सहायक निबंधक कार्यालयातून. यादी संस्थेच्या फलकावरही लागते. हरकतीची शेवटची तारीख त्याच जाहीर सूचनेत असते, म्हणून आधी ती वाचा.

मत कुणाला नाही, ते सहकार कायद्याच्या कलम 27 मध्ये सापडतं. सभासद होऊन दोन वर्षं झाली नसतील तर व्यक्तिगत सभासदाला मत देता येत नाही. गृहनिर्माण संस्थांना ही अट नाही. संस्थेचं कर्ज घेऊन थकवलं असेल तरीही मत जातं. पण इथे एक अपवाद शेतकऱ्यांच्या कामाचा आहे आणि तो फारसा कुणी सांगत नाही. पणन किंवा प्रक्रिया संस्थेला तुम्ही माल घातला असेल आणि त्याची किंमत तुमच्या देण्याहून कमी नसेल, तर हिशेब नंतर मिटला तरी तुम्हाला थकबाकीदार धरता येत नाही. नाममात्र सभासदाला मताचा अधिकार नसतो. क्रियाशील-अक्रियाशील सभासदांची (संस्थेच्या कामकाजात ठरावीक सहभाग असलेले आणि नसलेले) तरतूद 2013 नंतर पुन्हा बदलली आहे, त्यामुळे कुणी जुन्या कागदावर बोट ठेवून तुम्हाला अक्रियाशील ठरवत असेल तर आजची तरतूद काय आहे ते कार्यालयातच विचारा.

आता कागद. शेअर दाखला, शेअर रक्कम भरल्याची पावती, सभासदत्व मंजूर केल्याच्या ठरावाची नक्कल आणि आधार किंवा मतदार ओळखपत्र हे मुख्य. थकबाकीचा मुद्दा असेल तर कर्जखात्याचा उतारा व बेबाकी दाखला. कारखान्यात सात-बारा आणि ऊस बिलाच्या पावत्या. नावात किंवा वडिलांच्या नावात चूक असेल तर दोन्ही नावं एकाच व्यक्तीची असल्याचं प्रतिज्ञापत्र. मयत सभासदाचं नाव यादीत असलं तरी तेवढ्यावर वारसाला मत मिळत नाही. शेअर वारसाच्या नावावर चढलेले असावे लागतात, आणि त्याचा अर्ज निवडणुकीच्या कितीतरी आधी जायला हवा.

खरी अडचण वेगळी आहे. कलम 32 खाली सभासदाने लेखी अर्ज करून फी भरली की कागदपत्रांच्या नकला देण्यासाठी संस्थेला महिनाभराची मुदत आहे, आणि हरकतीची मुदत त्यापेक्षा पुष्कळ कमी. सत्ताधारी गटाला हे गणित चांगलं ठाऊक असतं. म्हणून संस्थेच्या व्यवस्थापन समितीची मुदत संपत आली की नकलांचा अर्ज टाकून ठेवावा आणि त्याची पोच जपावी.

यादी प्रसिद्ध करणाऱ्या कार्यालयात हरकत लेखी द्या: यादीतला अनुक्रमांक, नाव, काय चूक आहे, आधार कोणता, आणि शेवटी सही. दुसऱ्या कुणाचं नाव यादीत असण्यावर हरकत असेल तर त्यालाही म्हणणं मांडायची संधी द्यावी लागते. ‘हे सगळे बोगस आहेत’ असा एकगठ्ठा अर्ज सुनावणीत टिकत नाही, प्रत्येक नावामागे पुरावा लागतो. अधिकारी मुख्यतः सभासद नोंदवही पाहतो. सभासदत्वच चुकीचं दिलं गेलं असेल तर कलम 11 किंवा 25-अ खाली निबंधकाकडे स्वतंत्र अर्ज करावा लागतो आणि त्याला वेळ लागतो. कोल्हापुरात छत्रपती राजाराम कारखान्याच्या 2023 च्या निवडणुकीआधी सभासदांच्या पात्रतेचा वाद सहसंचालकांपासून न्यायालयापर्यंत गाजला, तो याच जातीचा.

हरकतीवरचा निर्णय विरोधात गेला की पुष्कळ जण थेट उच्च न्यायालयात निवडणूक थांबवायला धावतात. तिथे 2001 चा सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय आडवा येतो. संत सद्‍गुरू जनार्दन स्वामी दूध उत्पादक संस्थेच्या प्रकरणात न्यायालयाने म्हटलं की मतदार यादी तयार करणं हा निवडणूक प्रक्रियेतलाच एक टप्पा आहे. प्रक्रिया सुरू झाल्यावर यादीत काही बेकायदेशीर घडल्याचा आरोप असला तरी उच्च न्यायालयाने ती रोखू नये. मग उरतो निवडणुकीच्या निकालानंतरचा मार्ग: कलम 91 खाली सहकार न्यायालयात वाद, निकाल जाहीर झाल्यापासून दोन महिन्यांच्या आत. तिथे नुसती चूक दाखवून भागत नाही. वगळलेल्या किंवा घुसवलेल्या मतांमुळे निकाल फिरला हेही दाखवावं लागतं. दोन-तीन मतांनी हरलेल्या उमेदवाराला ते जमू शकतं. दोनशे मतांनी हरलेल्याने वकिलाची फी भरण्याआधी वगळलेली नावं मोजून पाहावीत.