कोविशील्डच्या आधीची पुण्याची लस

पुण्याची लस म्हटलं की सगळ्यांना कोविशील्डच आठवते. सीरम इन्स्टिट्यूटचं त्याहून सुंदर काम म्हणजे २०१० सालची आफ्रिकेसाठीची लस, मेनआफ्रिव्हॅक, आणि ते आपल्याकडे फारसं कुणाला ठाऊक नाही.

आफ्रिकेत सेनेगल ते इथिओपिया या पट्ट्यात कोरड्या, धुळीच्या महिन्यांत मेनिंजायटिसच्या, म्हणजे मेंदूच्या आवरणाला सूज आणणाऱ्या आजाराच्या साथी यायच्या. १९९६-९७ मध्ये अडीच लाख रुग्ण, २५ हजार मृत्यू. कारण मुख्यतः मेनिंगोकॉकस या जंतूचा ‘ए’ गट. लस तेव्हाही होती, पण तान्ह्या बाळांत ती जवळजवळ कुचकामी आणि मोठ्यांतही काही वर्षांत ओसरणारी.

गोम जंतूच्या कवचात आहे. ते शर्करेच्या लांब साखळ्यांचं असतं आणि जुन्या लशीत नुसतं तेच असे. रक्तातल्या बी पेशी शर्करा ओळखतात, थोडी प्रतिपिंडंही, म्हणजे जंतूला चिकटून त्याला निकामी करणारी प्रथिनं, बनवतात. पण जंतूची आठवण पक्की व्हायला टी पेशी या दुसऱ्या संरक्षक पेशींची मदत लागते आणि त्यांना हवे असतात प्रथिनांचे तुकडे. म्हणून या शर्करेला धनुर्वाताचं निर्विष केलेलं प्रथिन जोडलं. बी पेशी शर्करा बघून अख्खी जोडगोळी गिळते, प्रथिनाचे तुकडे करून आपल्या पृष्ठभागावरच्या एमएचसी-२ या रेणूवर मांडते. टी पेशी ते ओळखून तिला मदत करते. मदत मिळाली प्रथिनाच्या नावावर, प्रतिपिंडं मात्र शर्करेविरुद्ध! शिवाय घशात दडलेला जंतूही हटतो, त्यामुळे लस न घेतलेलेही वाचतात.

ही मेनआफ्रिव्हॅक अर्ध्या डॉलरहूनही स्वस्तात मिळाली. डिसेंबर २०१० मध्ये बुर्किना फासोत मोहीम सुरू झाली आणि पुढे ‘ए’ गटाच्या साथी थांबल्या. उरलेल्या गटांसाठी सीरमचीच पाच गटांवरची लस २०२४ मध्ये नायजेरियात पोचली.

शर्करा-प्रथिनाची हीच जोडणी आपल्या बाळांच्या पेंटाव्हॅलंट या पाच रोगांवरच्या लशीतल्या ‘हिब’ (मेनिंजायटिस आणणारा आणखी एक जंतू) या भागात आहे. सहाव्या, दहाव्या, चौदाव्या आठवड्यात, सरकारी दवाखान्यात फुकट. ‘इम्युनिटी’चे काढे विकणाऱ्यांनी टी पेशीला काय दाखवलं, ते एकदा सांगावं.

लस घेतली तरी मेनिंजायटिसचे सगळे जंतू टळत नाहीत. ताप, उलट्या, ताठ मान, गुंगी दिसली, किंवा तान्ह्याची टाळू फुगली, तर अंगारा लावत बसू नका, तडक दवाखाना गाठा. तिथे तपासणीसाठी पाठीतलं पाणी काढायचं म्हटलं की नातेवाईक अडून बसतात, ‘पेशंट लुळा होईल’ म्हणून. पण सुई कमरेत, मज्जारज्जू संपतो त्याच्या खाली घालतात, म्हणजे ती त्याला लागत नाही.