माहितीपट करून घेण्यापूर्वी: आमची कामाची पद्धत

माहितीपट करायचं ठरलं की पहिला प्रश्न येतो, "स्क्रिप्ट कधी देताय?" सुरुवातीला आमच्याकडे स्क्रिप्ट नसते. विषयाचा आराखडा असतो, भेटायच्या माणसांची यादी असते आणि भरपूर प्रश्न असतात. माणूस काम करताना जसा असतो तसाच पडद्यावर दिसावा, म्हणून आम्ही कोणालाही "पुन्हा एकदा करून दाखवा" म्हणत नाही. १९६० च्या सुमारास खांद्यावर पेलतील असे १६ एमएम कॅमेरे आणि त्यांच्या जोडीने चालणारे हलके ध्वनिमुद्रक आले, तेव्हापासून ही शैली रुळली. त्या काळी ४०० फुटांचं रीळ ११ मिनिटांत संपायचं. आता मेमरी कार्ड तासन् तास चालतं, तरी कॅमेरा कधी सुरू करायचा हे अजून माणसालाच ओळखावं लागतं.

पहिल्या भेटीला आम्ही कॅमेरा आणत नाही. शूटिंगलाही शक्यतो दोघंच येतो, एक कॅमेऱ्यावर आणि एक आवाजावर. गर्दी झाली की माणसं जपून बोलू लागतात.

मुलाखतीत प्रश्न विचारणाऱ्याचा आवाज आम्ही ठेवत नाही. त्यामुळे "कधी सुरू केलंत?" याला "१९८५" एवढंच उत्तर आलं, तर ते संकलनात वापरता येत नाही. "मी हे काम १९८५ साली सुरू केलं" असं पूर्ण वाक्य हवं. उत्तर संपलं तरी आम्ही लगेच पुढचा प्रश्न विचारत नाही, थोडं थांबतो. मनातलं बोलणं बरेचदा त्या थांबण्यातच येतं. उठण्याआधी सगळ्यांना अर्धा मिनिट गप्प बसायची विनंती करून खोलीचा नुसता आवाज टिपतो. दोन वाक्यं जोडताना मधली फट त्यानेच बुजते. तिथे निव्वळ शांतता टाकली तर कानाला खटकते.

सर्वांत जास्त वेळ संकलनाला लागतो. एका तासाच्या माहितीपटासाठी वीस-तीस तासांचं चित्रण होणं नवलाचं नाही. मुलाखती लिहून काढायच्या, कागदावर क्रम लावायचा, मग रफ कट, म्हणजे माहितीपटाची पहिली कच्ची जुळणी. तुमच्या सूचना आम्हाला याच टप्प्यावर हव्यात, अगदी मोकळेपणाने. पुढे ध्वनिमिश्रण आणि रंगांचं काम झाल्यावर एक शॉट काढला तरी त्यानंतरचं सगळं सरकतं.

निवेदन आम्ही टाळतो. संगीत हक्क घेऊनच वापरतो.

चित्रित होणाऱ्या प्रत्येकाचं लेखी संमतीपत्र घेतो, मुलांसाठी पालकांचं. सही केल्यावरही अंतिम कट होण्यापूर्वी कोणी "हे काढा" म्हणालं, तर आम्ही ते काढतो. प्रसंग कितीही चांगला उतरलेला असो, पैसे देणारे तुम्ही असलात तरी इथे त्या माणसाचा शब्द आम्ही अखेरचा मानतो. हे मान्य असेल तरच काम सुरू करू.

चित्रणाच्या दोन प्रती त्याच दिवशी वेगवेगळ्या हार्ड डिस्कवर घेतल्या जातात. काम संपल्यावर त्यांतली एक तुमच्याकडे येते.