हेस्टिंग्जच्या आधीचे नऊ महिने

१४ ऑक्टोबर १०६६ रोजी हेस्टिंग्जजवळच्या टेकडीवर इंग्लंडचा राजा हॅरॉल्ड मारला गेला आणि नॉर्मंडीचा ड्यूक विल्यम याला इंग्लंडच्या सिंहासनाची वाट मोकळी झाली, एवढे इतिहासाची गोडी असणाऱ्या बहुतेकांना ठाऊक असते. ती लढाई सकाळी सुरू झाली आणि अंधार पडता पडता संपली. तिच्या मागे मात्र लाकूडतोड, लोहारकाम, दाणावैरण, मिनतवाऱ्या आणि वाऱ्याची वाट पाहणे यांत गेलेले जवळजवळ नऊ महिने होते. माझ्या मते विल्यमचे खरे कर्तृत्व त्या महिन्यांत दिसते, कारण वर्षाच्या सुरुवातीला त्याच्यापाशी हक्काचा दावा होता, उत्तम घोडदळ होते, पण ते घोडदळ समुद्रापार नेईल असे आरमार नव्हते.

दाव्याची हकिकत थोडक्यात अशी. इंग्लंडचा निपुत्रिक राजा एडवर्ड ५ जानेवारी १०६६ रोजी वारला आणि दुसऱ्याच दिवशी हॅरॉल्ड गॉडविनसन याने राज्याभिषेक करून घेतला. एडवर्डची आई नॉर्मंडीच्या ड्यूक घराण्यातली होती आणि एडवर्डचे तारुण्य नॉर्मंडीतच आश्रयाला राहून गेले होते. एडवर्डने आपल्याला वारस नेमले होते, शिवाय खुद्द हॅरॉल्डने काही वर्षांपूर्वी नॉर्मंडीत येऊन पवित्र अवशेषांवर हात ठेवून आपल्याशी निष्ठेची शपथ घेतली होती, असे विल्यमचे म्हणणे होते. काळही त्याला अनुकूल होता. ज्यांच्या भीतीने त्याला आजवर घर सोडता आले नसते ते दोघेही, म्हणजे फ्रान्सचा राजा पहिला हेन्री आणि आंजूचा काउंट जॉफ्रे मार्टेल, १०६० मध्येच वारले होते. फ्रान्सच्या गादीवर अल्पवयीन राजा होता आणि त्याच्या वतीने कारभार पाहणारा फ्लँडर्सचा काउंट बाल्डविन हा विल्यमचा सासरा होता.

नॉर्मन म्हणजे ‘उत्तरेकडची माणसे’. ९११ च्या सुमारास सेन नदीच्या मुखाकडचा प्रदेश ज्या रोलोला फ्रँक राजाने तोडून दिला, तो स्कँडिनेव्हियातून आलेला दर्यावर्दी सरदार होता. परंतु दीडशे वर्षांत त्याचे वंशज फ्रेंच बोलू लागले, ख्रिस्ती झाले आणि घोड्यावर बसून लढू लागले. समुद्र त्यांना परका नव्हता. किनाऱ्यावर मासेमारी आणि व्यापार चालू होता, पण मोठी फौज जहाजांनी नेण्याचा त्यांचा अलीकडचा अनुभव कडू होता. १०३० च्या दशकात विल्यमचा बाप ड्यूक रॉबर्ट याने याच एडवर्डला गादी मिळवून देण्यासाठी इंग्लंडवर आरमार काढले होते, आणि उलट्या वाऱ्याने ते जर्सी बेटाकडे भरकटून मोहीम तिथेच बारगळली होती. विल्यम तेव्हा लहान होता, पण त्याच्या भोवतालच्या वडीलधाऱ्यांना ती नामुष्की आठवत असणारच, आणि १०६६ च्या उन्हाळ्यात त्याने दाखवलेला संयम या आठवणीशी जोडून पाहिल्याशिवाय नीट कळत नाही असे मला वाटते.

पहिला अडथळा घरातच आला. लिलबोन येथे भरलेल्या सभेत सरदारांनी कुरकुर केली, कारण समुद्रापार जाऊन लढणे हे त्यांच्या जहागिरीच्या चाकरीत बसत नव्हते आणि इंग्लंड हे श्रीमंत, जहाजांनी सज्ज राज्य होते. पुढच्या शतकात जर्सी बेटावर जन्मलेल्या एका कवीने सांगितले आहे की, सरदारांनी आपले म्हणणे मांडण्याचे काम विल्यम फित्झऑस्बर्न या मातब्बर कारभाऱ्यावर सोपवले, आणि त्याने सर्वांच्या वतीने दुप्पट मदतीचे वचन देऊन स्वतःची साठ जहाजे जाहीर केली, तेव्हा सभेत एकच गदारोळ उडाला. मग ड्यूकने एकेकाला वेगळे बोलावून राजी केले आणि कोण किती जहाजे देणार हे लेखी टिपून घेतले. ही गोष्ट कवीने रंगवली असेल, पण तशी एक यादी आज उपलब्ध आहे. तिची बाराव्या शतकातली प्रत हेस्टिंग्जच्या रणभूमीवर बांधलेल्या मठात तयार झाली. तिच्यात विल्यमच्या सावत्र भावांपैकी मॉर्तेनच्या रॉबर्टच्या नावावर १२० आणि बायोचा बिशप ओडो याच्या नावावर १०० जहाजे आहेत. एव्हर्यूच्या काउंटची ८०, फित्झऑस्बर्न, मॉन्टगोमेरीचा रॉजर, बोमाँचा रॉजर यांच्यासारख्यांची प्रत्येकी ६०, वॉल्टर गिफार्डची ३० जहाजे आणि १०० स्वार, अशी उतरंड लागत शेवटी फेकाँच्या मठातल्या रेमिजियस नावाच्या धर्माधिकाऱ्याची नोंद येते: एक जहाज आणि २० स्वार. यादी एकूण हजार जहाजे सांगते, पण नावानिशी दिलेल्या आकड्यांची बेरीज ७७६ भरते. त्याच जर्सीच्या कवीने बापाकडून ऐकलेला आकडा ६९६ दिला आहे, तर एका समकालीन इतिहासकाराने बेधडक ३,००० लिहिले आहेत. लहानसहान होड्या धरून सातशेच्या आगेमागे असलेला आकडा मला पटतो.

बाहेरची तयारीही बरोबरीने चालू होती. पोप दुसरा अलेक्झांडर याच्याकडे वकिलात गेली आणि त्याचा आशीर्वाद म्हणून ध्वज मिळाला, तेव्हा एका ड्यूकच्या वारसाहक्काचे भांडण धर्मकार्य ठरले आणि ब्रिटनी, फ्लँडर्स, बूलोन व फ्रान्सच्या इतर भागांतून जमिनीच्या आशेने स्वार येऊ लागले. १८ जून रोजी विल्यम आणि त्याची पत्नी मटिल्डा यांनी काँ येथे बांधलेल्या मठाच्या चर्चचा अर्पणविधी झाला आणि त्यांनी आपली लहान मुलगी सेसिलिया त्या मठाला वाहिली. त्या काळच्या श्रद्धाळू मनाने मोहिमेपूर्वी देवाला दिलेले ते सर्वांत मोलाचे दान होते.

जहाजे कशी बांधली गेली हे आपल्याला डोळ्यांनी पाहायला मिळते, आणि हा इतिहासातला फार दुर्मीळ योग आहे. बायोचा पट म्हणून ओळखले जाणारे, सुमारे ७० मीटर लांब आणि अर्धा मीटर रुंद असे लिननच्या कापडावर लोकरीच्या धाग्यांनी केलेले भरतकाम लढाईनंतर थोड्याच वर्षांत तयार झाले. त्यात कुऱ्हाडींनी झाडे तोडणारी माणसे आहेत. एक सुतार झाडाच्या बेचक्यात अडकवलेली फळी रुंद पात्याच्या कुऱ्हाडीने तासतो आहे, पलीकडे होडीत दोघे काम करताहेत, एकाच्या हाती छातीने रेटायचे गिरमिट आहे. पुढे गुडघाभर पाण्यात उतरलेली उघड्या पायांची माणसे दोर ओढून जहाजे समुद्रात लोटतात. त्यानंतरची मिरवणूक मला सगळ्या पटात आवडते. साखळीचे चिलखत इतके जड, की त्याच्या बाह्यांतून काठी घालून दोघे जण ते डोलीसारखे वाहत आहेत, आणि त्यांच्या मागून माणसे एक गाडा ओढत नेत आहेत, त्यावर भाले आणि शिरस्त्राणे रचलेली आणि मध्ये दारूचे लांबलचक पिंप.

हे तंत्र उत्तरेकडच्या पूर्वजांचेच होते. आधी सांगाडा उभारून त्यावर फळ्या ठोकण्याऐवजी कण्यापासून वर एका फळीची कड दुसरीवर चढवत, लोखंडी रिव्हेट मारत कवच उभे करायचे आणि मग आतून वाकदार फासळ्या बसवायच्या. ओकचा बुंधा करवतीने न कापता पाचर मारून केंद्रापासून चिरला की फळी तंतूच्या रेषेत निघते, पातळ असूनही चिवट राहते, आणि ओले लाकूडच कामाला सोपे जाते. म्हणूनच वसंतात तोडलेले झाड उन्हाळ्यात समुद्रावर तरंगू शकले. नॉर्मन आरमारातले एकही जहाज सापडलेले नाही, परंतु डेन्मार्कमध्ये रोस्किल्डच्या खाडीत त्याच शतकात बुडवलेली पाच जहाजे १९६२ मध्ये वर काढली गेली. त्यांतल्या सुमारे ३० मीटर लांबीच्या युद्धनौकेची प्रतिकृती जुन्या अवजारांनी बांधली गेली तेव्हा जवळजवळ ३०० ओकची झाडे आणि ७,००० खिळे लागले. ते मोठे जहाज होते आणि नॉर्मनांची बहुतेक लहान असणार, तरीही शेकडो नव्या जहाजांना किती जंगल आणि किती भट्ट्या लागल्या असतील याची कल्पना त्यावरून येते. शिडे आणि दोर वेगळेच. त्यामुळे सगळी जहाजे नवी बांधली असतील हे शक्य नाही. व्यापाऱ्यांची, कोळ्यांची, फ्लँडर्सहून आणलेली जहाजेही आरमारात असणार.

खरी अडचण घोड्यांची होती. आधुनिक अभ्यासकांच्या अंदाजाने फौज सात हजारांच्या आसपास आणि घोडे दोन ते तीन हजार होते. लढाऊ घोडा समुद्रावर बिथरला तर उथळ, उघड्या जहाजात अनर्थ होतो. दक्षिण इटलीतल्या नॉर्मनांनी पाचच वर्षांपूर्वी, १०६१ मध्ये, मेसिनाची सामुद्रधुनी ओलांडून घोडे सिसिलीत उतरवले होते आणि तो अनुभव मायदेशी पोचला असावा असे काही अभ्यासक मानतात. पण मेसिनाचे अंतर काही किलोमीटरचे आहे आणि इथे रात्रभराचा प्रवास होता. पटावर जहाजांच्या कडेवरून घोड्यांची तोंडे ओळीने दिसतात आणि उतरताना घोडा कडेवरून पाय टाकून सरळ उथळ पाण्यात येतो. हे चित्रकाराच्या मनचे नसावे. १९६३ मध्ये डेन्मार्कात लॅडबीच्या प्राचीन जहाजाची प्रतिकृती बांधून घोडे चढवून-उतरवून पाहिले गेले, तेव्हा वाळूवर लागलेल्या बुटक्या जहाजात घोडे सहज ये-जा करू शकले.

ऑगस्टच्या सुरुवातीला आरमार दीव नदीच्या मुखाशी जमले आणि तिथे सुमारे महिनाभर थांबले. विल्यमच्या पदरी असलेला चरित्रकार सांगतो की, लुटालूट सक्त बंद होती, शेतातली पिके आणि कुरणातली गुरे सुरक्षित राहिली. हे स्तुतिपर लेखन आहे, पण त्यातला मुद्दा खरा मोठा आहे. एका घोड्याला दिवसाला पंचवीस-तीस लिटर पाणी लागते, म्हणजे दोन हजार घोड्यांना रोज पन्नास हजार लिटर. शिवाय धान्य, वैरण, माणसांची भाकरी, सरपण, आणि एवढ्या जनावरांची लीद उपसून छावणीत रोगराई होऊ न देणे. परमुलखातून पगारावर आलेले हजारो शिपाई महिनाभर रिकामे बसवून त्यांना आवरणे हे तर लढाईहून कठीण.

समुद्रापलीकडे हॅरॉल्डही वाट पाहत होता. एडवर्डने १०५०-५१ मध्ये कायमची पगारी जहाजे मोडीत काढली होती, त्यामुळे हॅरॉल्डला गावोगावची माणसे आणि जहाजे बोलवावी लागली. वाइट बेटापाशी त्याचे आरमार आणि किनाऱ्यावर त्याची फौज उन्हाळाभर उभी राहिली. ८ सप्टेंबरला शिधा संपला, असे इंग्रज बखर सांगते. लोक घरी गेले आणि लंडनकडे परतताना कित्येक जहाजे बुडाली. त्यानंतर चारपाच दिवसांतच विल्यम दीवहून निघाला. तो खरोखर दक्षिणेच्या वाऱ्यासाठी अडला होता की हॅरॉल्डची रसद संपण्याची वाट पाहत होता, हा वाद जुना आहे. मला दोन्ही कारणे एकत्र दिसतात: चौकोनी शिडांच्या, घोड्यांनी भरलेल्या जहाजांना उलट्या वाऱ्यात जाता येत नव्हते हे खरे, आणि एका महिन्यात एकही अनुकूल दिवस आला नसेल हे मात्र पटत नाही.

पश्चिमेच्या वाऱ्याने आरमार किनाऱ्याकिनाऱ्याने सोम नदीच्या मुखावरच्या सँ-व्हालेरीला गेले. वाटेत काही जहाजे फुटली आणि बुडालेल्यांना विल्यमने गुपचूप पुरले, खचलेल्या माणसांचा शिधा वाढवला. या मुक्कामाने इंग्लंडचे अंतर सुमारे १७० किलोमीटरवरून सव्वाशेच्या आत आले. पण तिथली खाडी ओहोटीला वाळूचे मैदान होते, म्हणजे आता वाऱ्याबरोबर भरतीही साधायला हवी होती. पाऊस आणि उलटा वारा पंधरवडाभर राहिला, तेव्हा संत व्हालेरीच्या अस्थी बाहेर आणून उघड्यावर प्रार्थना झाली. त्याच दिवसांत उत्तरेकडे नॉर्वेचा राजा हॅरॉल्ड हार्द्राडा सुमारे ३०० जहाजे घेऊन उतरला आणि २५ सप्टेंबरला स्टॅमफर्ड ब्रिज येथे इंग्लंडच्या हॅरॉल्डकडून मारला गेला. दोनच दिवसांनी, २७ सप्टेंबरला, खाडीत वारा दक्षिणेकडून वाहू लागला.

संध्याकाळी जहाजे निघाली. मटिल्डाने दिलेले ‘मोरा’ हे जहाज विल्यमचे होते. यादीत म्हटले आहे की त्याच्या पुढच्या टोकावर सोन्याचा बालक होता, उजव्या हाताचे बोट इंग्लंडकडे दाखवणारा आणि ओठांशी हस्तिदंती शिंग धरलेला. डोलकाठीवर कंदील लावून मोरा पुढे राहिले, पण ते इतके वेगवान निघाले की पहाटे चहूकडे एकही शीड दिसेना. विल्यमने नांगर टाकायला लावला आणि आपल्या दिवाणखान्यात बसल्यासारखे भरपेट जेवण केले, मसाल्याच्या दारूसह. काठीवर चढवलेल्या माणसाला आधी चार जहाजे दिसली आणि नंतर, त्याच्याच शब्दांत, शिडांचे रान.

२८ सप्टेंबरच्या सकाळी पेवेन्सीच्या उथळ उपसागरात जहाजे वाळूला लागली. अडवायला कोणी नव्हते. जुन्या रोमन कोटाच्या आत लगेच तटबंदी सुरू झाली. काही जहाजे भरकटून रोमनीला लागली आणि तिथल्या लोकांनी माणसे कापून काढली. लढाईनंतर विल्यम लंडनकडे जाण्याआधी मुद्दाम रोमनीला गेला आणि त्याने त्याचा सूड घेतला. यादीतली देणीही तशीच चुकती झाली. १२० जहाजे देणाऱ्या रॉबर्टकडे १०८६ च्या जमीन-मोजणीत जवळजवळ आठशे जहागिऱ्या नोंदल्या आहेत. एक जहाज देणारा रेमिजियस १०६७ मध्ये थेम्सपासून हंबरपर्यंत पसरलेल्या धर्मप्रांताचा बिशप झाला, त्या जहाजाच्या बदल्यातच पद विकत घेतल्याचा आरोप त्याच्यावर पोपसमोर आला, १०७१ मध्ये त्याला पद उतरवून ठेवावे लागले, आणि कँटरबरीच्या आर्चबिशपाने रदबदली केल्यावर ते त्याला परत मिळाले.