‘गीक’ हे लघुरूप नव्हे

जळगाव-धुळ्याच्या इंजिनिअरिंग कॉलेजांत एक माहिती वर्षानुवर्षं फिरते: ‘गीक’ (एखाद्या विषयाच्या, बहुधा तंत्रज्ञानाच्या, वेडात बुडालेला माणूस) हा शब्द म्हणजे इलेक्ट्रिकल इंजिनिअरिंगच्या ज्ञानाचं इंग्रजी लघुरूप. साफ खोटं. हे लांबलचक रूप मागाहून जुळवलेलं आहे. मूळ जर्मॅनिक बोलींतला ‘गेक’, म्हणजे मूर्ख. पुढे अमेरिकेच्या जत्रांत जिवंत कोंबडीची मुंडी दातानं तोडणारा तो ‘गीक’! इलेक्ट्रिकलचा संबंध कुठे आला, भाऊ?

‘गीकिली’ हे त्याचं क्रियाविशेषण, बोलण्यातलं. भुसावळच्या फलाटावर एखादा पोरगा इंजिनाचा नंबर वाचून, ‘डब्ल्यू म्हणजे ब्रॉडगेज, ए म्हणजे एसी करंट, पी प्रवासी, जी माल’ असं न विचारता रंगून सांगतो, तो गीकिली बोलतो. ‘तो गीकिली आहे’ मात्र चूक, माणूस ‘गीकी’. टोमणा की कौतुक, ते सुरावर.